पोट असलेल्यांसाठी सूर्यनमस्कार

सूर्यनमस्काराचा कुठलाही तक्ता बघा, त्यातल्या माणसाला पोट नसतं. तो वाकतो तेव्हा कपाळ सरळ गुडघ्याला टेकतं, मधे काही येत नाही. शाळेच्या मैदानावर पी.टी.च्या तासाला शेवटचा नमस्कार घातलेल्या, नंतरची वीस-पंचवीस वर्षं खुर्चीत काढलेल्या आणि आता ‘उद्यापासून रोज बारा’ असं ठरवून बसलेल्या माणसाच्या मधे बरंच काही येतं. हा लेख त्याच्यासाठी आहे, आणि अर्थात तिच्यासाठीही.

‘रोज बारा’ हा आकडा मात्र आधी डोक्यातून काढा. पहिला आठवडा रोज तीन. नवशिक्याचा घात बहुतेक वेळा आकडाच करतो. पहिल्या दिवशी उत्साहात पंधरा घातले, तरी त्या दिवशी काही होत नाही, उलट फार बरं वाटतं. सवय नसलेले स्नायू दुसऱ्या दिवशी बोलायला लागतात आणि तिसऱ्या दिवशी ओरडतात. जिना चढता येतो, उतरताना कठडा धरावा लागतो. शर्टाची वरची बटणं लावायला हात उचलवत नाहीत. भारतीय पद्धतीच्या संडासात बसलेल्याला उठताना सगळे देव आठवतात. चौथ्या-पाचव्या दिवशी दुखणं ओसरतं, पण तोवर संकल्पही ओसरलेला असतो. तीन नमस्कारांनी एवढं दुखत नाही, आणि दुखलं तरी दुसऱ्या दिवशी तीन घालता येतात.

दुसरी खबरदारी : कुटुंबाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर घोषणा करू नका. केलीत, तर पाचव्या दिवशी काका ‘आज किती?’ असं विचारतील आणि तुम्ही खोटा आकडा सांगाल. तिथून पुढे नमस्कार कमी आणि हिशेब जास्त होतो.

आधी कोणी डॉक्टरांना विचारायचं

रक्तदाब ताब्यात नसेल, हृदयाचं दुखणं असेल, काचबिंदू, हर्निया, मणक्याची गादी सरकलेली, सारखी चक्कर येण्याचा त्रास, नुकती झालेली शस्त्रक्रिया किंवा गरोदरपण, यांपैकी काहीही असेल तर आधी विचारा. नमस्कारात डोकं अनेकदा कमरेच्या खाली जातं, तेव्हा डोळ्यांतला आणि डोक्याकडचा दाब वाढतो. मधुमेहासाठी इन्शुलिन किंवा गोळ्या घेणाऱ्यांनी ‘उपाशीपोटी’ हा नियम स्वतःच्या बुद्धीने पाळू नये. व्यायामाने साखर अचानक उतरू शकते, म्हणून आधी काय आणि किती खायचं ते डॉक्टरांकडून ठरवून घ्या. बाकीच्यांनी भरपेट जेवणानंतर तीन-चार तास सोडले की पुरे. चहा घेतला असेल तर अर्धा तास थांबा, नाहीतर पर्वतासनात तो परत भेटायला येतो.

नमस्कार घालताना छातीत दाब, डाव्या हातात कळ किंवा नेहमीपेक्षा वेगळी धाप लागली तर तिथेच थांबायचं आणि दवाखाना गाठायचा. ‘गॅस असेल’ हे निदान घरी करू नये.

जागा आणि कपडे

तुमच्या उंचीपेक्षा साधारण दोन फूट जास्त लांबीची आणि दोन्ही बाजूंना हातभर मोकळी जागा लागते. आपल्या हॉलमध्ये ती असते, फक्त तिच्यावर टीपॉय असतो. टीपॉय सरकवा. अर्धवट नको, पूर्ण सरकवा, कारण पाय मागे टाकताना करंगळी त्याचाच कोपरा शोधते. हात वर करून टाचा उचलून बघा : पंखा, ट्यूबलाइट किंवा पोटमाळ्याची कड लागत नाही ना?

पूर्वेकडे तोंड करावं हे खरं, पण फ्लॅटमध्ये पूर्वेला पुष्कळदा संडासाची भिंत असते. अशा वेळी जिकडे टीव्ही नाही तिकडे तोंड करा.

सतरंजी फरशीवर घसरते. चादर तर हमखास घसरते, आणि तीही तुम्ही दोन्ही पाय मागे टाकलेले असताना. सहा फूट बाय दोन फूट, सहा मिलिमीटर जाडीची साधी रबरी चटई घ्या. महागडी घेण्यात अर्थ नाही. घरात फरशी पुसायची वेळ कोणती ते आधी विचारून ठेवा. ओल्या फरशीवर चटईही सरकते, आणि पुसणाऱ्या बाईंना तुम्ही ‘भुजंगासना’त असताना ‘जरा पाय वर घ्या’ म्हणावं लागणं दोघांनाही अवघड जातं.

टी-शर्ट पायजम्यात खोचा, नाहीतर डोकं खाली गेलं की तो तोंडावर येतो आणि पोट उघडं पडतं, नेमकं शेजारी वाटी मागायला आलेले असताना. मोजे काढा, चष्मा काढा, खिशातला मोबाईल काढा. गळ्यातली साखळी किंवा मंगळसूत्र खाली वाकताना दातांवर आपटतं, ते पाठीमागे टाका किंवा काढून ठेवा. पायजम्याची नाडी नाभीच्या खाली, सैल. घट्ट नाडीने श्वास छातीतच अडकतो.

पहिला आठवडा : ओट्यावर

जमिनीवर जायची घाई नको. स्वयंपाकघराचा ओटा साधारण कमरेच्या उंचीला असतो, आणि तेवढ्या उंचीवर हात टेकले की अंगाचं बरंचसं वजन पायांवरच राहतं. मनगटं, खांदे आणि पाठ यांना क्रम कळतो, मार बसत नाही.

ओटा कोरडा पुसून घ्या. शेगडी बंद. दूध तापत ठेवून नमस्कार घालू नयेत. चौथ्या स्थितीला ते उतू जातं.

ओट्याकडे तोंड करून हातभर अंतरावर उभे राहा, हात जोडा. श्वास घेत हात वर. श्वास सोडत कमरेतून वाका आणि तळवे ओट्याच्या कडेला खांद्यांइतक्या अंतरावर टेका. उजवा पाय मागे, मग डावाही मागे, आता टाचेपासून डोक्यापर्यंत अंग एका तिरक्या रेषेत. कोपरं दुमडून छाती ओट्याच्या कडेजवळ न्या, मग हात सरळ करत छाती पुढे-वर काढा. तिथून ढुंगण मागे ढकला, डोकं दोन्ही दंडांच्या मधे, पाठ लांब. उजवा पाय पुढे, डावा पुढे, हात वर, नमस्कार. पुढच्या वेळी डावा पाय आधी.

हे रोज तीन, सात दिवस. त्यानंतर चार-पाच दिवस हेच भिंतीला टेकवलेल्या दिवाणावर किंवा पलंगाच्या कडेवर, आणि मग जमीन. चाकांची खुर्ची या कामाला घेऊ नका, हे सांगायला नको असं वाटतं, पण सांगावं लागतं.

जमिनीवर : कुठे काय अडतं

आधी एक भांडण मिटवू. कोणी दहा स्थिती सांगतं, कोणी बारा. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात औंध संस्थानचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांनी सूर्यनमस्काराचा मोठा प्रसार केला, संस्थानातल्या शाळांतही तो नेला. त्यांच्या पद्धतीत दहा अंक होते. आज योगवर्गांत बहुधा बारा मोजतात. पाय कुठला आधी, हनुवटी टेकायची की कपाळ, यावरही घराघरांत मतभेद आहेत. एक पद्धत धरा आणि तीन महिने बदलू नका. खाली बारांचा क्रम घेतला आहे.

पहिल्या दोन स्थिती, प्रणामासन आणि हात वर, सोप्या. दुसरीत मागे वाकण्याचा हट्ट करू नका. पोट असलेला माणूस मागे वाकतो म्हणजे पोट पुढे काढतो आणि सगळा ताण कमरेच्या मणक्यांवर घेतो. हात कानांजवळ, अंग वर ताणलेलं, एवढं पुरे.

तिसरी स्थिती, पादहस्तासन. इथे पहिला अपमान होतो. हात जमिनीला लागत नाहीत, गुडघ्यापाशी येऊन लोंबकळतात. अडतं ते दोन ठिकाणी : दिवसभर बसून मांडीच्या मागचे स्नायू आखडलेले असतात, आणि पोट व मांडी यांची वेळेआधीच गाठ पडते. बहुतेक जण गुडघे ताठ ठेवून पाठीला कमान देतात आणि झटके मारत बोटं खाली नेतात. कंबर धरते ती याच झटक्यांत. गुडघे दुमडा, भरपूर दुमडा, लाज बाळगू नका. पाय जोडण्याऐवजी वीतभर अंतरावर ठेवा, पोटाला जागा मिळते. तरीही हात पोचत नसतील तर घरातले जेवणाचे दोन पाट काढा, दोन्ही पावलांच्या बाहेर चटईवर ठेवा आणि तळवे त्यांवर टेका. पाट हलता कामा नये, एखादा पाय आखूड असलेला पाट इथे चालणार नाही. महिन्या-दोन महिन्यांत पाटांची गरज कमी होते. गुडघे हळूहळू सरळ होतात, त्यांना तुम्ही सरळ करायचं नसतं.

चौथी, अश्वसंचालनासन : एक पाय लांब मागे. मागच्या गुडघ्याखाली पंचाची चौघडी ठेवा, फरशीवर गुडघ्याची वाटी दुखते. पुढचा गुडघा घोट्याच्या वर राहिला पाहिजे. तो बोटांच्या पलीकडे गेला असेल तर मागचा पाय अजून मागे हवा.

पाचवीत दोन्ही पाय मागे, हात सरळ, अंग एका फळीत. पोट खाली लोंबू द्यायचं नाही. लोंबतंच, म्हणून नाभी जरा आत ओढून धरा. मनगटं इथेच कुरकुरतात, कारण आपण सगळं वजन तळव्याच्या मागच्या गादीवर टाकतो. बोटं पसरा आणि बोटांच्या मुळांनी जमीन दाबा. तरी दुखलं तर तळव्याच्या मागच्या भागाखाली रुमालाची घडी ठेवा, किंवा मूठ वळून मुठीवर वजन घ्या. सुरुवातीचे दोन आठवडे या स्थितीत गुडघे टेकले तरी नमस्कार मोडत नाही.

आता सहावी, साष्टांग. नियम असा की दोन पावलं, दोन गुडघे, दोन तळवे, छाती आणि कपाळ किंवा हनुवटी ही आठ अंगं टेकावीत आणि पोट अधांतरी राहावं. आपल्या बाबतीत छातीच्या आधी पोट पोचतं आणि अष्टांगाचं नवांग होतं. त्याहून वाईट म्हणजे हात दमल्यामुळे सगळं एकदम सोडून दिलं जातं आणि धप्प आवाज होतो, ज्याची खबर खालच्या मजल्याला लागते. क्रम पाळा : आधी गुडघे, मग कोपरं अंगाशी धरून छाती सावकाश खाली, शेवटी हनुवटी. छाती पोचत नसेल तर तिच्याखाली एक उशी ठेवा, आठवडा-दोन आठवड्यांनी पातळ उशी, मग घडी केलेली चादर. पोट टेकलं तर टेकू द्या. तोंडाने ‘हुश्श’ करून तिथेच आडवं पडून राहण्याचा मोह मात्र होतो. पाचव्या नमस्काराला तो फार होतो. मान बाजूला वळली की समजा झोप लागणार.

भुजंगासनात चूक नेमकी उलटी. सगळे जण हात ताठ करून स्वतःला वर ढकलतात, खांदे कानांना चिकटतात आणि कमरेत कळ येते. हात फक्त आधाराला. कोपरं थोडी वाकलेली, ओटीपोट जमिनीला, खांदे कानांपासून लांब, छाती जेवढी आपसूक उचलेल तेवढीच. छताकडे बघायची गरज नाही.

आठवं पर्वतासन : ढुंगण वर, हातपाय जमिनीवर. टाचा टेकत नाहीत म्हणून पावलं पुढे घेऊ नका, अंतर तेवढंच ठेवून गुडघे जरा वाकवा. इथून खाली बघताना स्वतःचं पोट छातीकडे सरकून आलेलं दिसतं. ते दिसणारच. त्याकडे दुर्लक्ष करून श्वास सोडा.

नववीत पाय दोन्ही हातांच्या मधे आणायचा. तक्त्यातला माणूस एका ढांगेत आणतो. आपला पाय अर्ध्या वाटेत, हाताच्या मागे वीत-दोन विता अंतरावर थांबतो, कारण पुढे पोट उभं असतं. झटका मारून आणायला गेलं की तोल जाऊन माणूस कडेवर पडतो, आणि बाजूला नीट न सरकवलेला टीपॉय असतो. सोपा उपाय : आधी मागचा गुडघा टेका, मग पाय जिथवर येतो तिथवर आणा, त्याच बाजूच्या हाताने घोटा धरा आणि उरलेलं अंतर ओढून न्या. दोन टप्प्यांत पाय आला तरी चालतो. पाऊल सरळ रेषेत न आणता जरा बाहेरच्या बाजूने आणलं तर पोट चुकवता येतं.

दहावी, अकरावी, बारावी म्हणजे तिसरी, दुसरी, पहिली उलट क्रमाने. फक्त वर येताना घाई नको. डोकं खालून एकदम वर गेलं की डोळ्यांपुढे अंधारी येते. गुडघे वाकवून, हात मांड्यांवर टेकत, डोळे उघडे ठेवून वर या.

श्वास

छाती उघडते तेव्हा आत, पोट दुमडतं तेव्हा बाहेर. एवढा नियम पुरे. साष्टांगात श्वास रोखायला सांगतात, पण नवशिक्यांनी आणि रक्तदाब असलेल्यांनी तो रोखू नये. तसाही तो सगळीकडे रोखलाच जातो, तोंड लालबुंद होतं आणि शेवटी एकदम फुस्स सुटतो. एक चांगली परीक्षा आहे. दर नमस्काराआधी उभं राहून सूर्याचं एकेक नाव मोठ्याने म्हणायचं असतं. त्यातलं सातवं ‘ॐ हिरण्यगर्भाय नमः’ धापा न टाकता एका दमात म्हणता आलं नाही तर पुढचा नमस्कार थांबवा. श्वास खाली बसला की सुरू करा. वेगाचा हव्यास नको, एका नमस्काराला अर्धं-पाऊण मिनिट लागलं पाहिजे.

नावांचा दुसरा उपयोग मोजदादीसाठी : मित्र, रवी, सूर्य, भानू, खग, पूषन्, हिरण्यगर्भ, मरीचि, आदित्य, सवितृ, अर्क, भास्कर. बारा नावं, बारा नमस्कार. ती पाठ होईपर्यंत कागदावर लिहून समोरच्या भिंतीवर डोळ्यांच्या उंचीला चिकटवा. पाठ नसताना खगापर्यंत जाऊन विसरणारे पुष्कळ असतात. ते पुन्हा मित्रापासून सुरू करतात आणि रोज प्रामाणिकपणे किती घातले ते त्यांना कधीच कळत नाही. आकडे मनात मोजणाऱ्यांचे सात आणि आठ नेहमी गडबडतात. वाटीत बारा चवळीचे दाणे घ्या, दर नमस्काराला एक दाणा दुसऱ्या वाटीत. घरात लहान मूल असेल तर ही पद्धत नको. दाणे त्याच्या तोंडात जायचा धोका असतो, आणि तसंही ते तुमच्या पाठीवर बसलेलं असतं.

वाढवायचं कसं

जमिनीवर आल्यावर पहिला आठवडा रोज चार, पुढे दर आठवड्या-दोन आठवड्यांनी दोन जास्त. आठवड्यातून एक दिवस सुट्टी. आकडा सम ठेवा, म्हणजे दोन्ही पाय सारखे वापरले जातात. साधारण दीड-दोन महिन्यांत बारावर पोचता येतं. बारा नीट झाले की मगच दुसरी फेरी.

तीन दिवस बुडाले तर चौथ्या दिवशी अर्धे घाला. बुडालेल्यांची भरपाई करायची नसते. तीन दिवसांचे छत्तीस एकदम घालायला जाणारे पुढचे दहा दिवस बुडवतात.

दुखण्यात फरक करायला शिका. मांडीत, दंडात बोथट, पसरलेलं दुखणं स्नायूंचं, त्यावर दुसऱ्या दिवशी दोन-तीन सावकाश नमस्कार हाच चांगला शेक. सांध्यात एका जागी टोचणारी कळ, पायात उतरणाऱ्या मुंग्या किंवा हाताला येणारा बधिरपणा म्हणजे थांबा आणि दाखवून घ्या. मोबाईल बाजूला उभा करून आठवड्यातून एकदा स्वतःचं चित्रण करा. समोरून नाही, बाजूने. पाठीची कमान आणि वर आलेले खांदे बाजूनेच दिसतात. जाणकाराकडून एकदा तरी तपासून घेतलं तर उत्तमच.

वजनाविषयी खरं ते सांगतो : बारा नमस्कारांत जळणारी ऊर्जा एका बटाटेवड्याइतकीही नसते. त्यामुळे नमस्कारानंतर ‘आज कमावलंय’ म्हणून खाल्लेला वडा नफ्यात जात नाही. काट्यावर रोज उभं राहणं सोडा. बाथरूमच्या उतरत्या फरशीवर तो जागा बदलली की वेगळं वजन सांगतो, आणि लोक सोयीची जागा शोधून काढतात. आठवड्यातून एकदा, सकाळी, नाभीच्या पातळीवर शिंप्याची टेप धरा, पोट आत न ओढता. आकडा लिहून ठेवा. पहिले तीन-चार आठवडे तो जवळजवळ हलत नाही. आधी बदलतात त्या इतर गोष्टी : बुटाची नाडी बसून न बांधता वाकून बांधता येते, पायऱ्यांवर धाप कमी लागते, पाट माळ्यावर परत जातात.

रथसप्तमीचे १०८

माघात रथसप्तमी आली की कुठल्या ना कुठल्या शाळेत किंवा सोसायटीत १०८ नमस्कारांचा संकल्प असतो आणि शेजारी तुमचं नाव परस्पर देऊन मोकळे होतात. रोज बारा घालणाऱ्याने १०८ घालू नयेत. त्या महिन्यात रोज सत्तावीस-तीस सहज होत असतील तर विचार करा. नाहीतर तिथे जाऊन मागच्या ओळीत उभे राहा, सत्तावीस घाला आणि बाजूला बसून मोजणी करा, मोजायला माणसं नेहमीच कमी पडतात. घालणारच असाल तर नऊ-नऊच्या बारा फेऱ्या करा, दर फेरीनंतर दोन मिनिटं उभ्याने श्वास आणि दोन घोट पाणी. पुढच्या ओळीतल्या कॉलेजच्या मुलांचा वेग धरू नका. मनगटाला पट्टी, गुडघ्याखाली पंचा आणि खिशात गुळाचा खडा ठेवा, पण मधुमेह असेल तर खड्याचंही आधी डॉक्टरांना विचारून. दुसऱ्या दिवशी फक्त चाला, तिसऱ्या दिवशी ओट्यावरचे तीन घाला, आणि तो आठवडा घरात वरच्या फळीवरचे डबे काढायचं काम दुसऱ्या कोणाकडे द्या.